मूर्तींना हात लावू नये

“आता जाऊन काय बघणार?” असं मला तोंडावर कोणी विचारलं नाही. आमच्या चिपळुणात माणसं सभ्य आहेत. त्यांनी ते माझ्या बहिणीला विचारलं. शैलाने घरी येऊन मला सांगितलं, आणि त्याच संध्याकाळी मी तिला छत्रपती संभाजीनगरची तिकिटं काढायला लावली.

मी शाळेत इतिहास शिकवायचे. सातवाहन, वाकाटक, राष्ट्रकूट हा क्रम दरवर्षी मुलांकडून घोकून घ्यायचे, फळ्यावर लेण्यांचे आराखडे काढायचे. स्वतः मात्र तिकडे कधी गेले नाही. आधी मुलं लहान होती, मग सासूबाई अंथरुणाला खिळल्या, मग मला काचबिंदू झाला. तो काही घाई करत नाही. कडेकडेने खात आत येतो. आता मला उजेडही कळत नाही. हे मी रडून सांगत नाही; पुढचं समजावं म्हणून एकदाच सांगून टाकते.

शैला माझी धाकटी बहीण. प्रेमळ आहे, पण वर्णन करण्याच्या बाबतीत भलती कंजूष. घाट चढताना मी विचारलं, “काय दिसतंय?” ती म्हणाली, “डोंगर. छान आहेत.” पुढे ऊस लागला, तोही छान होता. म्हणून मी निघण्याआधीच एक गाइड ठरवली होती. प्रज्ञा साळवे तिचं नाव. फोनवर तिने मला पहिला प्रश्न विचारला, “मॅडम, तुम्हाला ऐकायचंय किती आणि हाताने बघायचंय किती?” तेव्हाच मी ठरवलं की हीच बाई पाहिजे.

लेण्यांविषयी पुष्कळांनी लिहिलं आहे. मी लिहिणार आहे ते शहरातल्या एका लहान खासगी संग्रहालयाविषयी. नाव देत नाही. कारण पुढे कळेल.

शहरात

डिसेंबर होता. कोकणातून आलेल्या माणसाला इथे पहिल्यांदा जाणवते ती हवा. आमच्याकडे हवेला वजन असतं, ती अंगाला चिकटते. इथली हवा कोरडी, हलकी. सकाळी ओठ फुटले होते. आवाजही वेगळे येतात. आमच्या जांभ्या दगडाच्या भिंती आवाज पिऊन टाकतात. इथल्या जुन्या दरवाजाखालून रिक्षा गेली की तिचा आवाज काळ्या दगडावर आपटून डोक्यावर येतो. शैलाला मी हे सांगितलं तर ती म्हणाली, “ताई, दरवाजा छान आहे.”

दुपारी आम्ही नान-खलिया खायला गेलो. गर्दीचं, साधं हॉटेल. वाढणाऱ्याने शैलाला विचारलं, “इनकू क्या होना?”

“इनकू भूक लगी है,” मी म्हणाले. “जो अच्छा है वो लाओ.”

तो हसला आणि त्यानंतर माझ्याशीच बोलायला लागला. इतकंच तर लागतं. नान मोठं, मऊ, किंचित गोडसर. खलियाचा रस्सा मसाल्याचा, पण आमच्यासारखं त्यात खोबरं नाही. मटण हाडावरून आपोआप सुटत होतं. शैला मटण खात नाही. तिने दह्याबरोबर नान खाल्लं आणि माझ्या ताटातला रस्सा लालभडक आहे, एवढी माहिती न विचारता दिली.

तिथून प्रज्ञा आम्हाला संग्रहालयात घेऊन गेली. पस्तिशीची असेल. आवाज घोगरा, चाल भराभर. हात धरण्याआधी तिने मला विचारलं आणि मग कोपर पुढे केला. आंधळ्या माणसाला बकोटीला धरून ओढायचं नसतं, हे तिला कोणी शिकवलं होतं की नाही, मी विचारलं नाही.

त्या दिवशी सोमवार होता. संग्रहालय सोमवारी बंद असतं, पण आधी सांगितलं तर गाइडबरोबर आलेल्या पाहुण्यांना आत सोडतात. आम्ही तिघीच होतो. फाटकातून आत गेल्यावर अंगण लागलं. पायाखाली फरशी, वर पंखांची फडफड.

“कबुतरं,” प्रज्ञा म्हणाली. “इथं उजव्या हाताला भिंतीलगत सात-आठ मूर्ती आडव्या ठेवल्यात. तुटक्या हायेत म्हणून बाहेर. शाळेची पोरं येतात ना, त्यांच्यावर बसून डबे खातात.”

“आणि आत?”

“आतल्या चांगल्या. या, दाखवते.”

आत व्यवस्थापक आले. अत्तराचा मंद वास, चामड्याच्या वहाणांची करकर. बोलणं अगदी मऊ होतं. ते म्हणाले, “या, या. ताईंना खुर्ची देऊ का?” हे ते शैलाला विचारत होते.

मी म्हणाले, “खुर्ची नको. मला एक मूर्ती हाताने बघायची आहे. दगडाचीच, धातूची नको. हात धुऊन येते, अंगठी-बांगड्या काढून ठेवते. तुम्ही म्हणाल तर हातमोजे घालते आणि तुम्ही शेजारी उभे राहा.”

ते शैलाला म्हणाले, “त्यांना सांगा, मूर्तींना हात लावता येत नाही. घामाने दगड खराब होतो. आमच्याकडे प्लास्टरची एक प्रतिकृती आहे, लहान मुलांसाठी केलेली. ती आणून देतो.”

प्रतिकृती माझ्या हातात आली. पोकळ, हलकी, रंगाचा वास येणारी. तिचं नाक खेळण्यातल्या बाहुलीसारखं गुळगुळीत होतं. मी ती परत दिली.

“मी हिच्यासाठी चिपळूणहून आले नाही,” मी म्हणाले.

“विश्वस्तांना विचारावं लागेल,” ते म्हणाले. मग जरा बाजूला जाऊन प्रज्ञाला म्हणाले, आवाज खाली घेऊन, पण डोळे गेले की माणसाचे कान जागे राहतात, “साळवे, पाहुण्यांना आधी समजावून आणत जा. नाहीतर यापुढे तुमचे लोक इथं आणायला अडचण होईल.”

प्रज्ञा म्हणाली, “सर, परवा परत येतो आम्ही. तुम्ही विचारून ठेवा.”

पिशोर

दुसऱ्या दिवशी प्रज्ञाला गावाकडे, पिशोरला, आईला भेटायला जायचं होतं. “येता का? गाडीत जागा हाय,” ती म्हणाली. आम्ही लगेच निघालो. कन्नडच्या रस्त्याला लागलो आणि वास बदलले. आधी डिझेल, मग ओली माती, मग उसाच्या गाड्यांमागून येणारा तो आंबूस गोड वास. मधे चहाला उतरले आणि पहिलंच पाऊल शेणात पडलं. ताजं होतं. शैला हळहळली, मी मात्र हसत सुटले. कोकणातलं शेण आणि मराठवाड्यातलं शेण यांत काहीही फरक नाही, हे मी खात्रीने लिहू शकते.

प्रज्ञाच्या आईने दारातच माझे पाय धुतले. मी नको म्हणत होते. “आवं असू द्या बाई, लेकराच्या पायाला लागलं असतं तर धुतलंच असतं ना,” त्या म्हणाल्या. मी त्यांच्यापेक्षा फार लहान नसेन. घर दोन खोल्यांचं. शैलाने पहिल्यांदाच नीट सांगितलं: समोरच्या भिंतीवर बुद्ध, शेजारी बाबासाहेब, दोघांनाही ताजे हार, आणि खाली प्रज्ञाचा गाइडचं ओळखपत्र घेतानाचा फोटो, तोही तेवढ्याच मोठ्या चौकटीत.

जेवायला ज्वारीची भाकरी, येसर आमटी, ठेचा आणि कच्चा कांदा. येसर म्हणजे धान्यं आणि मसाले भाजून दळलेलं पीठ. ते पाण्यात कालवून उकळलं की झाली आमटी. भाजी नसेल त्या दिवशी घर यावर चालतं. आमच्याकडे तसं कुळथाचं पिठलं. दोन्हींची चव मातीला जवळची, पण येसरला मागून एक झणका आहे, तो कुळथाला नाही. ठेच्याने माझ्या डोळ्यांतून पाणी काढलं. “डोळे कामाला आले,” मी म्हणाले, आणि प्रज्ञाच्या आई इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला.

जेवणानंतर आम्ही ओट्यावर बसलो. शैला आत लवंडली होती. मला रात्रभर जे टोचत होतं ते मी बोलून टाकलं.

“प्रज्ञा, उद्या आपण संग्रहालयात नको जाऊया.”

“का?”

“त्यांनी तुला काय सांगितलं ते मी ऐकलंय. माझं काय, मी परवा घरी जाईन. तुला इथे राहायचंय, पाहुणे न्यायचेत. माझ्या एका हट्टापायी तुझं नुकसान नको.”

आत तिची आई भांडी घासत होती. प्रज्ञा म्हणाली, “मॅडम, एक विचारू? राग नका मानू. काल त्या सरांनी तुम्हाला सोडून तुमच्या बहिणीशी बोललं, तेव्हा तुम्हाला कसं वाटलं?”

“कसं वाटणार?”

“मंग आता तुम्ही काय करताय? माझ्याशी बोलताय खरं, पण ठरवून बसलाय. माझं नुकसान किती, मी काय सोसावं, मी कशाला भ्यावं, समदं तुम्हीच ठरवलं.”

मी ओट्यावर सरकून बसले.

“मी हे काम सुरू केलं ना,” ती पुढे म्हणाली, “तवा पाहुणे आधी गाव विचारायचे, मंग आडनाव. आडनाव सांगितलं की काही जणांचा चेहराच बदलायचा. एक साहेब मला म्हणले, तुम्ही बुद्धाविषयी जरा जास्तच सांगता, तुमचंच असल्यासारखं. मी म्हणलं, व्हय, माझंच हाय. तुम्हाला कमी ऐकायचं असंल तर दुसरा गाइड बघा. त्यांनी बघितला. माझं काही अडलं नाय.”

“आणि अडलं असतं तर?”

“तर अडलं असतं. पण ते मी निस्तरलं असतं ना. तुम्हाला ती मूर्ती बघायची हाय का नाय, तेवढं सांगा.”

“आहे.”

“मंग उद्या सकाळी जाऊ. ऊन चांगलं असतंय.”

पुढे काय झालं ते इथेच सांगून टाकते, म्हणजे वाचणाऱ्याच्या जिवाला घोर नको. तिचं नुकसान झालं. त्यानंतर काही महिने त्या संग्रहालयाने तिच्या पाहुण्यांना बंदच्या दिवशी आत घेतलं नाही. ती त्यांना चालू दिवशी घेऊन गेली, रांगेतून, आणि पूर्वीइतकंच बोलली. मग तो प्रकार आपोआप थांबला. माफी कोणी मागितली नाही. तिनेही नाही.

निघताना तिच्या आईने येसरची पुडी हातात दिली आणि माझ्या गालावरून हात फिरवला. “लई ताठ बाई हाय,” त्या लेकीला म्हणाल्या. मला ते आवडलं.

पुन्हा संग्रहालयात

व्यवस्थापक वाटच बघत होते. चहा तयार होता. चहा आला की समजायचं, नकारही येतोय.

“विश्वस्तांशी बोलणं झालं नाही,” ते म्हणाले. “आणि झालं तरी नियम तो नियम. उद्या प्रत्येक जण हात लावायला मागेल.”

“प्रत्येक जण डोळ्यांनी बघतोय ना,” मी म्हणाले. “ते तुम्ही थांबवत नाही.”

“ताई, समजून घ्या. भावना आम्हाला कळतात.”

“भावनेचं काही नाही. मी इतिहासाची शिक्षिका आहे. काम करायला आलेय.”

चहाचा कप बशीत ठेवल्याचा आवाज झाला. प्रज्ञा म्हणाली, “ठीक हाय सर. हात न लावता दाखवते. त्याला तर बंदी नाय?”

तिने मला आतल्या दालनात नेलं आणि एका जागी थांबवलं. “तुमच्या समोर एक बाई उभी हाय,” ती म्हणाली. “चवरी ढाळणारी. माणसाएवढी, काळ्या दगडाची. आता मी तिच्यासारखी उभी राहते. तुम्ही मला बघा.”

“तुला?”

“मला हात लावायला कुणाची परवानगी लागते? माझी. मी देते.”

तिने ओढणी काढून शैलाकडे दिली. कापडाची सळसळ ऐकू आली. मग तिने माझे दोन्ही हात उचलून आपल्या खांद्यांवर ठेवले. डावा खांदा खाली उतरला होता, उजवा वर. मी हात खाली नेत गेले. कंबर एका बाजूला ढळलेली, सगळा भार एका पायावर, दुसरा गुडघा किंचित मोकळा. उजवा हात कोपरातून वाकून खांद्यापाशी गेला होता, मूठ चवरीची दांडी धरल्यासारखी बंद. मान झुकलेली, पण हनुवटी खाली नव्हती.

त्रिभंग. किती वर्षं मी हा शब्द फळ्यावर लिहिला होता. मस्तक, धड आणि पाय तीन दिशांना वळलेले असतात, अशी व्याख्या मुलांना लिहून दिली होती. तिची मान वळल्यामुळे गळ्याची शीर ताणली गेली होती आणि तिच्यात नाडी उडत होती. तोल सांभाळताना तिची पोटरी थरथरत होती. अशी उभी राहणारी बाई नम्र नसते, हे मला तेव्हा कळलं. चवरी ढाळायचं काम तिला दिलं असेल, पण उभी ती आपल्या मनाने राहिली आहे.

“थकलीस?” मी विचारलं.

“थांबा. पाऊल राहिलं,” ती म्हणाली.

मी खाली बसून तिचं पाऊल बघितलं. मागे शैलाचा श्वास जड झालेला ऐकू येत होता. व्यवस्थापक दारातच उभे असावेत, कारण वहाणांची करकर थांबली होती.

मी उठले आणि प्रज्ञाला म्हणाले, “आता दगड पाहिजे.”

“आतला नाय मिळायचा.”

“आतला नकोच. अंगणातली अशी कोणी आहे का?”

“हाय एक. मुंडकं नाय तिला. हात पण एकच हाय. पण उभी अशीच.”

मी नळावर गेले. साबणाने हात धुतले, रुमालाने कोरडे केले, अंगठी आणि बांगड्या काढून शैलाच्या पर्समध्ये टाकल्या. मग प्रज्ञाच्या कोपराला धरून अंगणात आले. भिंतीपाशी कबुतरं उडाली. मी काठी घडी करून ठेवली, फरशीवर मांडी घातली आणि हात पुढे केले.

आधी मला काही कळलं नाही. खरं लिहायचं तर निराशा झाली. ऊन खाऊन तापलेला खडबडीत दगड, कबुतरांची वाळलेली घाण, एक चीर, एक खाच. कुठे काय आहे याचा पत्ता लागेना. मग बोटांना एक उतार लागला. तो खाली जात जात एकाएकी बाहेर वळला आणि मी ओळखलं. कंबर होती. थोड्या वेळापूर्वी हीच कंबर माझ्या हाताखाली श्वास घेत होती. तिथून मला वाट सापडली. मेखलेचे मणी लागले, झिजलेले, पण एकेक वेगळा. मांडीवरून गेलेल्या वस्त्राची कड लागली. कोणीतरी दगडात कापडाची घडी उचलून ठेवली होती आणि ती इतक्या पावसांनी पुसली नव्हती.

करकर वेगाने जवळ आली.

“काय चाललंय हे? साळवे, हे काय?” आवाजातला मऊपणा गेला होता. मग शैलाला, “अहो, त्यांना सांगा, हात काढा म्हणावं.”

शैला माझ्या मागेच उभी होती. लग्नात, बारशात, बँकेत, कुठेही तिने आजवर कोणाला उलट उत्तर दिलेलं मी ऐकलेलं नाही.

“त्यांच्याशी बोला,” ती म्हणाली. “त्या समोर बसल्यात तुमच्या.”

कबुतरं पुन्हा भिंतीवर येऊन बसल्याचा आवाज झाला.

“मॅडम,” अखेर ते मला म्हणाले, “हात काढा.”

“नाही काढणार.”

“हे नियमात बसत नाही.”

“ही मूर्ती उन्हापावसात पडून आहे. तिच्यावर पक्षी बसतात, मुलं बसतात. माझे हात धुतलेले आहेत. तुम्हाला पोलिसांना बोलवायचं असेल तर बोलवा. ते येईपर्यंत माझं होईल.”

“तुम्ही शिकलेल्या आहात,” ते म्हणाले.

“म्हणून तर.”

ते आणखी जवळ आले. हे मला कानांनी नाही, हातांनी कळलं. दगडावरची ऊब गेली. त्यांची सावली माझ्या बोटांवर पडली होती. मी हात तिथेच ठेवले. प्रज्ञा माझ्या उजवीकडे खाली येऊन बसली, तिचा गुडघा माझ्या गुडघ्याला लागला. ते खाली वाकून माझे हात धरतील असं मला वाटलं, आणि धरले तर काय करायचं हे मी मनात पक्कं केलं होतं. सोडायचं नाही.

मग करकर झाली, एकदाच. सावली सरकली आणि ऊन परत हातांवर आलं.

“पाच मिनिटं,” ते म्हणाले.

“मला वेळ लागेल,” मी म्हणाले, आणि कमरेवरून वर, खांद्याकडे निघाले.